अळूचे गणगोत



सप्तापूरच्या जुन्या घरांच्या परसात, न्हाणीच्या पाण्यावर पोसलेला अळू तुम्ही पाहिला असेलच. आपण त्याला अळू म्हणतो, शेजारचे कन्नड कुटुंब 'केसु' म्हणते. आपल्याकडे त्याचे फदफदे आणि वड्या होतात, तर खाली किनारपट्टीला पत्रोडे. सुरणाला इथल्या बाजारात 'सुवर्णगड्डे' म्हणून मागावे लागते. हा अळू आणि तो सुरण एकाच कुळातले, हे नुसती पाने पाहून कोणालाच पटणार नाही. म्हणून या अंकात आम्ही या कुळाचीच ओळख करून देत आहोत. त्याचे शास्त्रीय नाव 'ॲरेसी'. जगात त्याच्या सुमारे १४० प्रजाती आणि ३,५०० हून अधिक जाती आहेत. बहुतेक सगळ्या उष्ण, ओलसर प्रदेशातल्या.

हे कूळ एकदल वनस्पतींचे. एकदल म्हटले की गवतासारख्या समांतर शिरा आपल्याला आठवतात, पण अळूच्या पानात शिरांचे जाळे दिसते. परीक्षेत इथेच फसगत होते! खरी ओळख फुलोऱ्यात आहे. मधोमध एक जाडसर दांडा असतो, त्याला स्थूलकणिश म्हणतात. त्यावर बारीक बारीक फुले दाटीने बसलेली असतात. त्याभोवती एकच मोठे, पानासारखे वेष्टन असते, तो महाछद. कुंडीतल्या अँथुरियमचे लालभडक 'फूल' म्हणजे हा महाछदच. खरी फुले मधल्या दांड्यावर, भिंगाखाली पाहावी लागतात.

अळू आणि सुरण यांच्या दांड्यावर खाली मादीफुले, वर नरफुले अशी मांडणी असते. मादीफुले आधी तयार होतात, नरफुलांचे पराग नंतर सुटतात. त्यामुळे पराग दुसऱ्या फुलोऱ्यावरून आणायला कीटक हवेत. सुरणाचा फुलोरा त्यांना सडक्या मांसासारख्या वासाने बोलावतो. या कुळातल्या कित्येक वनस्पतींचा दांडा त्या वेळी चक्क गरम होतो आणि वास दूरवर पसरतो. लामार्क या फ्रेंच शास्त्रज्ञाने १७७८ मध्येच ही ऊब नोंदवली होती. सुमात्रा बेटावरचा सुरणाचा एक भाऊ तर माणसापेक्षा उंच फुलोरा काढतो. बेकारी या इटालियन संशोधकाला तो १८७८ मध्ये सापडला आणि १८८९ मध्ये लंडनजवळच्या क्यू बागेत फुलला. याउलट पाण्यावर तरंगणारी, मिलिमीटरभरही नसलेली वुल्फिया आता याच कुळात धरतात. जुन्या पुस्तकांत वेखंडही इथेच सापडेल. आता मात्र त्याचे स्वतंत्र कूळ मानतात.

आता खाजेविषयी. अळूच्या पेशींत कॅल्शियम ऑक्झलेटचे सुईसारखे स्फटिक जुड्या बांधून ठेवलेले असतात. कच्चे पान चावले की या सुया जिभेत आणि घशात रुततात, सोबतच्या रसाने आग वाढते. चालता येत नाही, पळता येत नाही, तेव्हा गुरांपासून वाचायचे तर झाडाला असेच काही शस्त्र हवे. आजी अळवात चिंच किंवा आमसूल घालते आणि सुरण चिरताना हाताला तेल लावते, ते काही केवळ चवीसाठी नव्हे. नीट शिजवल्याने आणि आंबटामुळे खाज कमी होते. ठाणे-रायगडकडे पावसाच्या तोंडावर शेवळ विकायला येते. तोही सुरणाचाच रानटी भाऊ, पश्चिम घाटातला. त्याच्या कोवळ्या फुलोऱ्याची भाजी करताना आतला पिवळा भाग काढून टाकतात आणि काकडाची आंबट फळे घालतात. पण फुलोराच खुडला तर बी कोठून धरणार? म्हणून रानात गेल्यावर एका जागचे सगळे फुलोरे काढू नयेत, काही राखावेत, असे आम्हाला वाटते.

घरात शोभेसाठी लावलेले मनीप्लांट, डिफेनबाखिया, रंगीत पानांचे कॅलेडियम हे सगळे याच कुळातले आणि सगळ्यांत या सुया आहेत. डिफेनबाखिया चघळला तर जीभ सुजून बोलता येईनासे होते. लहान भावंडांच्या हाताला लागतील अशा कुंड्या खाली ठेवू नका. कोणी चावलेच तर तोंड स्वच्छ धुवावे, थंड दूध किंवा पाणी द्यावे. सूज आली किंवा श्वास अडखळला तर लगेच डॉक्टरांकडे न्यावे. अळूचा देठ पानाच्या कडेला नव्हे, किंचित आत, पाठीवर जोडलेला असतो, ही खूण पुस्तकात असते. पण ती कॅलेडियमलाही लागू पडते. तेव्हा एवढ्याच खुणेवर विसंबून ओढ्याकाठची पाने वडीसाठी आणू नका. घरातल्या जाणत्या माणसाला आधी दाखवा.

पाहण्यासारखे मात्र पुष्कळ आहे. पहाटे अळूच्या पानाच्या टोकाशी थेंब लोंबताना दिसतो. तो दव नसून पुष्कळदा झाडानेच बाहेर टाकलेले पाणी असते. पानावर चमचाभर पाणी ओता, मोत्यासारखे घरंगळेल. पानावरच्या सूक्ष्म उंचवट्यांमुळे आणि मेणामुळे ते चिकटत नाही. 'अळवावरचे पाणी' हा वाक्प्रचार त्यावरूनच आला. आणि सुरणाचे छत्रीसारखे 'झाड' दिसले तर जवळ जाऊन बघा. ज्याला आपण खोड आणि फांद्या म्हणतो, तो सारा पसारा म्हणजे कंदातून आलेले एकच पान असते.