औदुंबराची सेवा : प्रदक्षिणेच्या पलीकडे

।। श्रीगुरुदेव दत्त ।।

दत्तभक्ताला औदुंबराची ओळख करून देण्याची गरज नाही. आपण त्याला हात जोडतो, पाण्याचा तांब्या वाहतो, प्रदक्षिणा घालतो. मीही लहानपणापासून हेच करत आलो. पण या झाडाची खरी माहिती मला साठी उलटल्यावर झाली. तीही स्वतःची चूक पदरात पडल्यावर. ती चूक शेवटी सांगतो.

आधी कथा. श्रीगुरुचरित्राच्या एकोणिसाव्या अध्यायात औदुंबराचं माहात्म्य आलं आहे. हिरण्यकश्यपूचं पोट फाडल्यावर त्याच्या पोटातल्या विषाने नृसिंहाच्या नखांचा दाह होऊ लागला. तेव्हा लक्ष्मीने औदुंबराची फळं आणली, देवाने त्यांत नखं रोवली आणि दाह शांत झाला. प्रसन्न होऊन देवाने या झाडाला वर दिला. म्हणूनच श्रीनृसिंहसरस्वती महाराज औदुंबरातळी राहिले. भिलवडीजवळ कृष्णाकाठच्या औदुंबर क्षेत्री त्यांचा चातुर्मास झाला, आणि नृसिंहवाडीच्या पादुकाही औदुंबराखालीच आहेत.

कथेत दाह शमवणारं झाड आहे, आणि आयुर्वेदातही उंबराचा गुण शीतच सांगितला आहे. वड, पिंपळ, उंबर, पायर आणि पारोसा पिंपळ या पाच झाडांच्या साली म्हणजे पंचवल्कल. साल तुरट असते. तिचा काढा जखम धुवायला आणि गुळण्या करायला वापरतात. गालगुंड झालं की आमची आजी उंबराचा चीक लावायची. पिकलेलं उंबर खातात, कोवळ्या कच्च्या उंबरांची भाजी करतात. अर्थात औषध म्हणून काही घ्यायचं तर वैद्यांना विचारूनच घ्यावं.

आता फुलाविषयी. क्वचित दिसणाऱ्या माणसाला आपण ‘उंबराचं फूल’ म्हणतो. मलाही वाटायचं की या झाडाला फूलच येत नाही. खरं तर फुलं शेकडो असतात, पण ती फळाच्या आत. ज्याला आपण उंबर म्हणतो ती फुलांची मिटलेली पिशवी आहे. अंजिराचंही तसंच, दोन्ही एकाच कुळातली. तिच्या तोंडाच्या बारीक छिद्रातून चिलटाएवढी एक गांधीलमाशी आत शिरते. ती दुसऱ्या उंबरातले परागकण घेऊन आलेली असते. आत ती अंडी घालते, फुलांचं परागीभवन करते आणि तिथेच मरते. तिची पिल्लं वाढली की त्यातले नर बाहेर पडायची वाट कोरतात आणि माद्या नवे परागकण घेऊन दुसऱ्या उंबराकडे उडतात. माशी नसेल तर उंबराला बी धरत नाही, आणि उंबर नसेल तर त्या माशीला घर नाही.

‘उंबर फोडून केंबरं काढू नये’ असं आपण म्हणतो. पण उंबराचा वंश चालतो तो या केंबरांमुळेच. संस्कृतात उंबराला ‘जंतुफल’ म्हणतात, ते उगाच नाही.

बुंध्यावर, जाड फांद्यांवर घोसच्या घोस लटकतात आणि वर्षात एकापेक्षा जास्त वेळा बहर येतो. इतर झाडं रिकामी असतात तेव्हाही उंबरावर हरियाल, कोकीळ, धनेश, वटवाघळं जेवून जातात. कोण आलं, कोण गेलं, याची नोंद हे झाड ठेवत नाही. बँकेत आयुष्य काढलेल्या मला त्याचं फार नवल वाटतं. भागवताच्या एकादश स्कंधात अवधूत यदुराजाला आपले चोवीस गुरू सांगतात. त्यात पृथ्वीबरोबरच पर्वत आणि वृक्ष यांच्याकडून परोपकार शिकावा, असं ते म्हणतात. आपण मात्र या गुरूकडे मागायलाच जातो.

आता माझी चूक. आमच्या गल्लीतल्या छोट्या दत्तमंदिराचा हिशोब मी पाहतो. काही वर्षांपूर्वी भक्तांच्या पायाला चिखल लागू नये म्हणून पार बांधायचा ठरला. थेट बुंध्याला भिडवून काँक्रीट ओतलं, वर चकचकीत फरशी बसवली. व्हाउचरवर सही माझी. सगळ्यांनी कौतुक केलं. दोन पावसाळे गेले आणि शेंड्याकडून फांद्या वाळायला लागल्या. पानगळ झाली की नवी पालवी यायची, ती विरळ झाली. वाटलं, झाड म्हातारं झालं. एका माळ्याने एका वाक्यात निदान केलं, “काका, तुम्ही त्याचं नाक दाबलंय.” मुळांना पाणी लागतं तशी हवाही लागते. राष्ट्रीय हरित लवादाने २०१३ साली दिल्लीतल्या झाडांच्या बुंध्याभोवतीचं एक मीटरपर्यंतचं काँक्रीट काढायला सांगितलं होतं, ते मला नंतर कळलं.

आम्ही बुंध्याभोवतीची फरशी फोडली. जमाखर्चात तो खर्च ‘औदुंबर सेवा’ या नावाने मी टाकला. एक मोठी फांदी गेली ती गेलीच. बाकी झाडाने पुढच्या वर्षी पालवी धरली.

म्हणून भक्तांना विनंती. बुंध्याभोवती निदान हातभर तरी माती मोकळी ठेवा. खिळे ठोकू नका, विजेच्या माळा तारांनी आवळू नका. दूध, तेल मुळांशी ओतण्याऐवजी साधं पाणी घाला. उदबत्ती, दिवा खोडापासून लांब लावा. खाली पडलेली उंबरं आणि पानं कचरा म्हणून जाळू नका, तिथेच कुजू द्या. आणि भिंतीच्या फटीत उंबराचं रोप उगवलं तर उपटून फेकण्याऐवजी मोकळ्या जागी लावा.

या दत्तजयंतीला प्रदक्षिणा घालताना एकदा खाली, झाडाच्या पायाशी बघा. तिथे माती दिसली तर समाधानाने हात जोडा. फरशी दिसली तर विश्वस्तांना भेटा.

अवधूत चिंतन श्रीगुरुदेव दत्त!