द्रावण गढूळ झालें म्हणजे काय?

अमरावती जिल्ह्यांतील मेळघाटांत, तसेंच विदर्भाच्या इतर अनेक भागांत, सिकलसेल हा रक्ताचा आनुवंशिक विकार आढळतो. पहिल्या तपासणींत थोडें रक्त एका द्रावणांत मिसळतात व नळीमागें काळ्या रेघांचा कागद धरतात. रेघा स्पष्ट दिसल्या तर सहसा दोष नसतो. द्रावण गढूळ होऊन त्या दिसेनाशा झाल्या तर दोष आहे. परंतु मनुष्य रोगी आहे कीं केवळ वाहक, हें त्यावरून मुळींच कळत नाहीं! त्यासाठीं इलेक्ट्रोफोरेसिस नांवाची दुसरी तपासणी लागते. तींत ‘ए. एस.’ आल्यास वाहक, ‘एस. एस.’ आल्यास रोगी समजावा.

रोग्यास पंडुरोग होतो, हातापायांत असह्य कळा येतात. त्यास नियमित उपचार हवेत. वाहकास सहसा कांहीं त्रास नसतो व तो पुढें रोगीही होत नाहीं. असें असतां पहिल्याच चिठीवरून मुलीचें लग्न मोडणें हा शुद्ध अन्याय होय. वधू वाहक व वर निर्दोष असेल तर त्यांस सिकलसेलचें रोगी मूल होत नाहीं. दोघेही वाहक असल्यास मात्र दर खेपेस चारांत एक इतका संभव असतो. (एक मूल रोगी निघालें म्हणून पुढचीं तीन सुटलीं, असा हा हिशेब नव्हे.) तेव्हां मुलीचें रक्त तपासावयास सांगणाऱ्यांनीं मुलाचेंही तपासून घ्यावें.

सहा महिन्यांच्या आंतील बाळाच्या बाबतींत पहिली तपासणी भरंवशाची नसते. रेघा दिसल्या तरी पुढें ती पुन्हा करावी.