शाळेतील प्रार्थना आणि पालकांची संमती



जून महिन्यात शाळा उघडल्या की दोन तक्रारी आमच्या कानावर येतात. पहिली आपल्याच लोकांची असते: "फादर, आमच्या मुलाला सरस्वतीपूजनाला हात जोडून उभे राहावे लागते, काय करावे?" दुसरी इतरधर्मीय बांधवांची. ती थेट आमच्याकडे न येता बाजारातून फिरत येते: "मिशनच्या शाळेत आमच्या पोरांकडून येशूची प्रार्थना म्हणवून घेतात." दोन्हींचे उत्तर एकच असल्यामुळे आज त्यांचा एकत्र विचार करू.

राज्यघटनेच्या कलम २५ आणि ३० चा उल्लेख आपण सभांतून नेहमी करतो. कलम २८ मात्र मागे राहते. जी शाळा संपूर्णपणे सरकारी पैशावर चालते, तिथे धार्मिक शिक्षण देता येत नाही, असे ते सांगते. (काही जुन्या न्यासांच्या संस्थांना यात अपवाद आहे.) जिल्हा परिषदेची शाळा, यावल-शिरपूरकडील शासकीय आश्रमशाळा या त्यात आल्या. शासनमान्य किंवा अनुदानित खाजगी शाळेत धर्मशिक्षण व उपासना असू शकते, परंतु संमतीशिवाय कोणालाही त्यात भाग घ्यायला लावता येत नाही. मूल अल्पवयीन असेल तर संमती पालकाची लागते. इथे शासनाची मान्यता पुरेशी आहे, अनुदान नसले तरीही. म्हणून "आम्ही सरकारचा पैसा घेत नाही" असे म्हणून आपल्या कॉन्व्हेंट शाळांचीही सुटका होत नाही.

आपल्याच धर्मप्रांतातील, नाशिक शहरातील एक उदाहरण पाहा. तेथील एका माध्यमिक शाळेतील शिक्षक प्रार्थनेच्या वेळी उभे राहत, पण हात जोडत नसत. संस्थेने त्यास बेशिस्त ठरविले आणि त्यांची वाढीव वेतनश्रेणी अडवली. प्रकरण मुंबई उच्च न्यायालयात गेले. अशी सक्ती करणे हा मूलभूत हक्कांचा भंग आहे, असा निर्णय न्यायालयाने नोव्हेंबर २०१३ मध्ये दिला. ती शाळा मिशनची नव्हती आणि ते शिक्षकही ख्रिस्ती नव्हते. तरीही त्या निर्णयाचा आधार सरस्वतीपूजनाला उभ्या राहणाऱ्या आपल्या मुलाला आहे. तोच आधार आपल्या शाळेतील हिंदू, मुस्लिम, बौद्ध मुलालाही आहे.

येथे काहींना वाईट वाटते. "मग शाळा आपली कशाला म्हणायची?" असे ते विचारतात. कलम ३० ने शाळा स्थापन करण्याचा व चालविण्याचा हक्क आपल्याला दिला आहे, लेकरांच्या मनावरचा नाही. पवित्र ख्रिस्तसभेची शिकवणही वेगळी नाही. संत थॉमस अक्वायनस यांनी तेराव्या शतकातच लिहिले की विश्वास ठेवणे ही इच्छेची कृती आहे, ती बळाने करवून घेता येत नाही. इतकेच नव्हे, यहुदी आईबापांच्या इच्छेविरुद्ध त्यांच्या मुलांना बाप्तिस्मा देऊ नये, असेही त्यांचे मत होते. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने ७ डिसेंबर १९६५ रोजी धार्मिक स्वातंत्र्याविषयीचे घोषणापत्र प्रसिद्ध केले. आपल्या मुलांना कोणते धर्मशिक्षण मिळावे हे ठरविण्याचा अधिकार त्यात आईवडिलांना दिला आहे. श्रद्धेचा प्रसार करताना सक्तीची छायासुद्धा नसावी, विशेषतः समोरची माणसे गरीब किंवा अशिक्षित असतील तेव्हा, असेही त्यात बजावले आहे. खानदेशात सेवा करणाऱ्या प्रत्येकाने हे वाक्य पुन्हा पुन्हा वाचावे. एप्रिल २०२४ मध्ये भारतीय कॅथलिक महागुरू परिषदेनेही आपल्या शाळांना सूचना दिली की ख्रिस्ती परंपरा इतरधर्मीय विद्यार्थ्यांवर लादू नयेत आणि परिपाठात राज्यघटनेची उद्देशिका म्हणावी.

संमती पालकाचीच का, हे पंडिता रमाबाईंच्या शारदा सदनाच्या इतिहासावरून कळते. सदनात धर्माबाबत तटस्थ राहण्याचे रमाबाईंनी कबूल केले होते. त्यांची स्वतःची प्रार्थना त्यांच्या खोलीत चाले आणि काही मुली आपण होऊन तिथे येऊन बसत. रमाबाईंनी बोलावले नाही, तसे हाकललेही नाही. त्यावरून १८९३ मध्ये पुण्यात वादळ उठले. न्यायमूर्ती रानडे, डॉ. भांडारकर यांच्यासारख्या हितचिंतकांनीही सल्लागार मंडळ सोडले आणि अनेक पालकांनी मुली घरी नेल्या. आमच्या मते रमाबाईंनी सक्ती केली नव्हती. पण पालकांना विचारलेही गेले नव्हते, आणि विश्वास तिथेच तुटला.

तेव्हा ज्या पालकांना मुलासाठी सूट हवी असेल त्यांनी मुख्याध्यापकांना साधा अर्ज द्यावा. मुलाचे नाव, इयत्ता, कोणत्या विधीत ते भाग घेणार नाही, आणि त्या वेळी ते शांतपणे उभे राहील, एवढे लिहिले तरी चालेल. भाषा नम्र ठेवावी. अर्जाची एक प्रत पोच घेऊन स्वतःजवळ ठेवावी. आपल्या शाळांतही कोणी पालक असा अर्ज घेऊन आला तर कार्यालयात त्याला "का?" असे विचारू नये. राहिले आपल्या मुलांचे धर्मशिक्षण. ते रविवारी मिस्सानंतर होते, आणि त्या वर्गात निम्मी बाके रिकामी असतात.