मनोहर आवटी : सागरपरिक्रमेचे प्रणेते

नौदलातील अधिकाऱ्याच्या सेवेचा हिशेब सामान्यतः त्याच्या निवृत्तीच्या दिवशी पुरा होतो. व्हाइस अ‍ॅडमिरल मनोहर प्रल्हाद आवटी यांच्या बाबतीत मात्र तसे घडले नाही. त्यांचा जन्म १९२७ साली सुरत येथे झाला. नौदलाचे शिक्षण त्यांनी इंग्लंडमधील डार्टमथ येथे घेतले. १९७१ च्या युद्धात बंगालच्या उपसागरात लढलेल्या ‘कामोर्ता’ ह्या युद्धनौकेचे ते कप्तान होते आणि त्या कामगिरीबद्दल त्यांना वीरचक्र मिळाले. पश्चिम नौदल विभागाचे प्रमुख म्हणून १९८३ मध्ये ते निवृत्त झाले व पुढे सातारा जिल्ह्यात फलटणजवळच्या विंचुर्णी गावी राहू लागले. एवढी कारकीर्द एका आयुष्याला पुरेशी होती. तथापि आज त्यांचे नाव प्रामुख्याने घेतले जाते ते तरुण नाविकांसमोर त्यांनी ठेवलेल्या एका अवघड ध्येयासाठी.

एक उणीव

शिडाच्या नौकेतून, एकट्याने आणि कोठेही न थांबता पृथ्वीप्रदक्षिणा करणारा पहिला मनुष्य म्हणजे रॉबिन नॉक्स-जॉन्स्टन. १९६८-६९ मध्ये ३१२ दिवसांत त्यांनी ती पुरी केली. त्यांची ‘सुहैली’ ही नौका मुंबईत, भारतीय सुतारांनी सागवानी लाकडातून बांधली होती. भारतात बांधलेली नौका अशा रीतीने जगाला वळसा घालून आली. परंतु भारतीय नाविकाने एकट्याने तसा प्रवास करण्यास आणखी चार दशके लागली. मधल्या काळात भूदलाच्या अभियंता दलाची ‘तृष्णा’ १९८५ ते १९८७ ह्या काळात आणि नौदलाची ‘तरंगिणी’ २००३-०४ मध्ये पृथ्वीप्रदक्षिणा करून आली. ह्या दोन्ही नौकांवर खलाश्यांचा ताफा होता. एकट्याच्या प्रवासाची जागा अद्याप रिकामीच होती.

यंत्रयुगात शिडाचा हा हट्ट कशासाठी, असा प्रश्न साहजिकच पडतो. त्याचे उत्तर ह्या प्रवासाच्या स्वरूपातच आहे. एकट्या नाविकाला कप्तान, खलाशी, सुतार, शिडे शिवणारा आणि स्वयंपाकी ही सारी कामे स्वतःच करावी लागतात. चूक झाली तर ती निस्तरणारा दुसरा कोणी नसतो. प्रदक्षिणेच्या अटीही कडक आहेत. सुएझ वा पनामा कालव्याचा आधार घ्यावयाचा नाही. विषुववृत्त किमान दोनदा ओलांडावयाचे. सर्व रेखावृत्ते पार करावयाची. लीविन, हॉर्न आणि गुड होप ह्या तिन्ही भूशिरांना वळसा घालावयाचा. आणि किमान २१,६०० सागरी मैल अंतर कापून निघाल्या बंदरीच परत यावयाचे.

पहिला शिष्य

आवटींनी हा विचार चिकाटीने मांडला आणि २००६ मध्ये नौदलाने तो स्वीकारला. त्या वेळी त्यांचे वय ऐंशीच्या घरात होते. स्वतः समुद्रावर जाणे आता शक्य नव्हते. योग्य माणूस पुढे यावा आणि त्याच्या वाटेतील अडचणी दूर व्हाव्यात, हेच त्यांचे काम होते. पाण्याखालील कामाचे तज्ज्ञ असलेले कमांडर दिलीप दोंदे ह्यांनी स्वेच्छेने ही जबाबदारी घेतली. नौका परदेशातून विकत आणलेली नव्हती. गोव्यातील दिवाडी बेटावर रत्नाकर दांडेकर यांच्या कारखान्यात, डच आराखड्यावरून, ५६ फूट लांबीची ‘म्हादेई’ बांधण्यात आली. बांधणी चालू असता दोंदे तेथे हजर असत. त्यामुळे नौकेचा प्रत्येक सांधा त्यांच्या परिचयाचा झाला. इंग्लंडमध्ये नॉक्स-जॉन्स्टन यांच्या हाताखालीही ते शिकले. १९ ऑगस्ट २००९ रोजी मुंबईहून निघून, वाटेत चार बंदरी थांबून, मे २०१० मध्ये ते परतले. एकट्याने पृथ्वीप्रदक्षिणा करणारे ते पहिले भारतीय ठरले.

एकाकडून दुसऱ्याकडे

आवटींच्या मार्गदर्शनाचे खरे मोल येथून पुढे दिसते. दोंदे समुद्रावर असता किनाऱ्यावरून त्यांना साहाय्य करणारे तरुण अधिकारी अभिलाष टॉमी हे नौदलाचे वैमानिक होते. १ नोव्हेंबर २०१२ रोजी तेच ‘म्हादेई’ घेऊन निघाले आणि कोठेही न थांबता मार्च २०१३ अखेर मुंबईस परतले. त्यानंतर दोंदे ह्यांनी महिला अधिकाऱ्यांना शिकविले. उत्तराखंड, हिमाचल, आंध्र, तेलंगण व मणिपूर ह्या प्रदेशांतील सहा जणी ‘तारिणी’ नौकेतून सप्टेंबर २०१७ मध्ये गोव्याहून निघाल्या आणि वर्तिका जोशी यांच्या नेतृत्वाखाली २५४ दिवसांनी सुखरूप परत आल्या.

हे साहस निर्धोक कधीच नव्हते. सप्टेंबर २०१८ मध्ये एका जागतिक शर्यतीत दक्षिण हिंदी महासागरातील वादळाने टॉमी यांच्या नौकेची डोलकाठी मोडली व त्यांच्या पाठीच्या कण्यास गंभीर इजा झाली. तीन दिवसांनी एका फ्रेंच नौकेने त्यांची सुटका केली. त्यानंतर थोड्याच आठवड्यांनी, नोव्हेंबर २०१८ मध्ये, आवटींचे वयाच्या ९१ व्या वर्षी विंचुर्णी येथे निधन झाले. टॉमी पुन्हा उभे राहतील की नाही, हे त्यांना पाहावयास मिळाले नाही. टॉमी उभे राहिले. २०२३ मध्ये त्याच शर्यतीत त्यांनी दुसरा क्रमांक मिळविला.

पुढे दिलना के. आणि रूपा अळगिरिसामी ह्या दोन अधिकाऱ्यांना टॉमी यांनी मार्गदर्शन केले. ऑक्टोबर २०२४ ते मे २०२५ ह्या काळात दोघींनीच ‘तारिणी’तून पृथ्वीप्रदक्षिणा पुरी केली. शिकलेल्याने पुढच्यास शिकवावे, ही परंपरा अशा रीतीने तिच्या प्रणेत्यामागेही चालू राहिली. मार्गदर्शकाच्या कामाची कसोटी त्याच्या हयातीत संपत नाही. ती त्याच्या शिष्यांच्या शिष्यांपाशी लागते.