चार धनी, एक गाव : साष्टी बेटाचा इतिहास मुलांपर्यंत कसा न्यावा?



आजचा पाठ पुस्तकातला नाही. तो वर्गातल्या एका भांडणातून तयार झाला.

मागच्या वर्षी चौथीच्या वर्गात मधल्या सुट्टीत दोन मुलांची डब्यावरून बाचाबाची झाली. रोजचंच. पण भांडता भांडता मुलगा त्या मुलीला म्हणाला, "तू पोर्तुगीज आहेस. तुम्हाला आमच्या चिमाजी आप्पांनी हाकलून दिलं होतं." ती मुलगी कांजूर गावातल्या ईस्ट इंडियन घरातली. घरी मराठीच बोलतात, रविवारी चर्चला जातात. ती रडली नाही. एवढंच म्हणाली, "आम्ही कुठून आलो नाही. आमचं घर इथंच आहे."

मी काय केलं? आपण सगळे करतो तेच. "असं बोलू नये, सॉरी म्हण." तो सॉरी म्हणाला आणि विषय संपला. पण माझ्या डोक्यातून जाईना. कारण त्या मुलाची माहिती अर्धी बरोबर होती. चिमाजी आप्पांनी पोर्तुगीजांना इथून खरंच घालवलं होतं. अर्ध्या बरोबर माहितीला "असं बोलू नये" हे उत्तर पुरत नाही. उरलेली अर्धी माहिती द्यावी लागते. ती द्यायला मी तीन तासिका घेतल्या. त्या कशा घेतल्या ते इथे लिहीत आहे.

पहिली पायरी : नकाशा

मुलांना आधी विचारलं, "आपण कुठे राहतो?" उत्तरं आली : कांजूरमार्ग, मुंबई, महाराष्ट्र. बेटावर राहतो असं एकही जण म्हणाला नाही! मग फळ्यावर नकाशा काढला. पूर्वेला ठाण्याची खाडी, उत्तरेला वसईची खाडी, पश्चिमेला अरबी समुद्र, दक्षिणेला माहीमची खाडी. मधला सगळा भाग म्हणजे साष्टी बेट. वांद्रे, अंधेरी, बोरिवली, घाटकोपर, कांजूर, भांडुप, मुलुंड, ठाणे, सगळं यात येतं. साष्टी हे नाव 'षट्षष्टी' म्हणजे सहासष्ट यावरून आलं असं मानतात. सहासष्ट गावांचं बेट. (गोव्यातही साष्टी नावाचा तालुका आहे. मोठी मुलं नेटवर शोधतात तेव्हा गोंधळ होतो, म्हणून आधीच सांगून ठेवा.)

मग लोकलची स्टेशनं मोजायला लावली. आपल्याकडून ठाण्याकडे चौथं स्टेशन ठाणे. सीएसएमटीकडे पाचवं स्टेशन शीव, ज्याला सगळे सायन म्हणतात. 'शीव' या शब्दाचा अर्थ विचारला. एका मुलाला आला. त्याच्या गावी शेताच्या हद्दीला शीव म्हणतात. अगदी बरोबर. शंभराहून जास्त वर्षं इथे दोन सत्तांची हद्द होती. खाडीच्या पलीकडे इंग्रजांची मुंबई आणि अलीकडे आपली साष्टी, आधी पोर्तुगीजांची, मग मराठ्यांची. शीवच्या टेकडीवर इंग्रजांनी सतराव्या शतकात किल्ला बांधला तो हद्दीवर नजर ठेवायला. आज आपले पालक रोज सकाळी कुर्ला सोडून शीवला पोचतात, तेव्हा एक जुनी सरहद्द ओलांडतात. हे ऐकून मुलांचे डोळे मोठे झाले!

दुसरी पायरी : कालपट्टी

व्हरांड्यात खडूनं लांब रेघ मारली आणि वर्षं लिहिली.

१५३४ – साष्टी तेव्हा गुजरातच्या सुलतानाकडे होती. सुलतान बहादूरशहाला मोगल बादशहा हुमायूनची भीती होती आणि समुद्रावरून पोर्तुगीज हल्ले करत होते. दोन्हीकडून कोंडी झाल्यावर त्यानं डिसेंबर १५३४ मध्ये तह केला आणि वसई, साष्टी, मुंबईची बेटं पोर्तुगीजांना देऊन टाकली. इथल्या गावांना कोणी विचारलं नाही.

१६६१ ते १६६८ – पोर्तुगीज राजकन्या कॅथरीनचं लग्न इंग्लंडच्या दुसऱ्या चार्ल्सशी ठरलं आणि मुंबई आंदणात गेली. इंग्रजांना ताबा १६६५ मध्ये मिळाला. १६६८ मध्ये राजानं ती वर्षाला दहा पौंड भाड्यानं ईस्ट इंडिया कंपनीला दिली. साष्टी मात्र पोर्तुगीजांकडेच राहिली.

१७३७ – चिमाजी आप्पांच्या फौजेनं ठाण्याचा किल्ला घेतला. पोर्तुगीज तो अजून बांधतच होते, पुरा झाला नव्हता. त्यांना बोलावणाऱ्यांत इथलेच लोक होते : अंजूरचे गंगाजी नाईक, मालाडचे अंताजी रघुनाथ कावळे. मोठा वेढा पडल्यावर मे १७३९ मध्ये वसईचा किल्लाही पडला. मराठ्यांचे हजारो सैनिक त्यात कामी आले.

१७७४ – नारायणराव पेशव्यांचा खून झाला होता आणि पुण्यात गादीवरून भांडण चाललं होतं. साष्टी परत घ्यायला पोर्तुगीज आरमार येतंय अशी खबर इंग्रजांना लागली. त्यांच्या आधी आपण पोचावं म्हणून इंग्रजांनी डिसेंबरच्या शेवटी ठाण्यावर हल्ला केला आणि किल्ला घेतला. आतली बरीचशी शिबंदी कापली गेली. इंग्रजांचा आरमार प्रमुख वॉटसनही याच लढाईत जखमी होऊन मेला.

१७८२ – सालबाईचा तह. साष्टी इंग्रजांकडे कायम झाली. वसई मराठ्यांना परत मिळाली.

मोठ्या वर्गांसाठी एक सूचना. ठाणे आणि वसईच्या तारखा वेगवेगळ्या पुस्तकांत अकरा दिवसांनी मागेपुढे दिसतात. इंग्रज १७५२ पर्यंत जुनं कॅलेंडर वापरत होते, त्यामुळे हा फरक पडतो. पुस्तक चुकलंय असं समजू नका.

मग गणिताच्या वहीत वजाबाकी केली. पोर्तुगीज १५३४ ते १७३७, म्हणजे २०३ वर्षं. मराठे १७३७ ते १७७४, म्हणजे ३७. इंग्रज १७७४ ते १९४७, म्हणजे १७३. "बाई, दोनशे तीन वर्षं म्हणजे किती पिढ्या?" असा प्रश्न आला. पिढीला पंचवीस वर्षं धरली तर आठ पिढ्या. आजोबांच्या आजोबांच्याही खूप मागे जावं लागतं. हे त्यांना पहिल्यांदा जाणवलं.

तिसरी पायरी : 'धनी आला' खेळ

पाच मुलं वर्गाच्या मधोमध बसवली. ती झाली 'गाव'. त्यांच्यापुढे वीस खडू ठेवले, ते म्हणजे वर्षाचं पीक : भात, मीठ, मासळी, ताडी. मग एकामागून एक धनी आले. सुलतान आला, सारा मागितला. पोर्तुगीज आले, त्यांनी गावं आपल्या सरदारांना आणि पाद्र्यांच्या मठांना वाटली आणि सारा मागितला. मराठे आले, इंग्रज आले. प्रत्येक वेळी सारा किती मागायचा आणि गावानं किती द्यायचा हे मुलांनीच घासाघीस करून ठरवायचं. शेवटी दोनच प्रश्न विचारले. "कोण बदललं? कोण बसून राहिलं?"

उत्तर सगळ्यांनी एका सुरात दिलं, "गाव बसून राहिलं!"

इथे मी मूळ मुद्दा सांगितला. पोर्तुगीज सत्ता होती ती इथे येऊन राहिलेल्या थोड्या अधिकाऱ्यांची, सरदारांची आणि पाद्र्यांची. गावातले लोक कोळी, कुणबी, भंडारी असे इथलेच होते. त्यातले काही ख्रिस्ती झाले. कोणी मनानं झाले, कोणी जमीन आणि नोकरी टिकावी म्हणून, कोणी दहशतीपोटी. वसई पडली तेव्हा तहाप्रमाणे पोर्तुगीज शिबंदी शस्त्रं घेऊन बाहेर पडली आणि गेली. गोरे पाद्रीही गेले. पण गावातली ख्रिस्ती कुटुंबं कुठे जाणार? त्यांचं घर, विहीर, शेत, होडी सगळं इथंच. ती राहिली. 'ईस्ट इंडियन' हे नाव त्यांनी खूप पुढे, १८८७ मध्ये इंग्रजांच्या काळात घेतलं. म्हणजे ज्यांना चिमाजी आप्पांनी हाकललं ते वेगळे आणि आपल्या वर्गातली मुलगी वेगळी. तिचे पूर्वज त्या खेळात मधोमध बसलेल्या गावातले.

अवघड भाग टाळू नका

खेळ झाल्यावर त्याच मुलानं विचारलं, "बाई, मग पोर्तुगीजांनी देवळं पाडली ते खोटं का?"

खोटं नाही. मी तसंच सांगितलं. सोळाव्या शतकात साष्टीत देवळं पाडली गेली, सणांवर बंदी आली, धर्माच्या नावाखाली लोकांना छळलं. बोरिवलीच्या मंडपेश्वर लेण्यांत शंकराच्या जागी चर्च केलं आणि वर मठ बांधला. आजही जाऊन बघता येतं. मठाच्या पडक्या भिंती आहेत, लेण्यात भिंतीवर कोरलेला क्रूस आहे आणि शंकराची पूजाही पुन्हा चालू आहे. तसंच मराठ्यांच्या विजयानंतर चर्चच्या घंटा देवळांत गेल्या. नाशिकच्या नारोशंकराच्या मंदिरातली घंटा त्यातलीच, तिच्यावर १७२१ साल आहे. आणि १७७४ ला ठाण्याच्या किल्ल्यात जी कत्तल झाली ती इंग्रजांनी केली.

मग पुढचा प्रश्न आलाच. "चूक कोणाची?"

मी म्हटलं, ज्यांनी केलं त्यांची. चूक कामाची असते, ती करणाऱ्याची असते. तीनशे वर्षांनी त्या गावात जन्मलेल्या मुलीची नसते. तुझ्या पणजोबांनी कोणाचं काही मोडलं असेल तर त्याची भरपाई तू द्यायची का? तो थोडा वेळ गप्प राहिला आणि म्हणाला, "नाही. पण कोणी केलं ते सांगायला पाहिजे." मला हे उत्तर माझ्यापेक्षा चांगलं वाटलं. वहीत तेच लिहून घेतलं.

दुसऱ्या दिवशी एका पालकांचा फोन आला. "बाई, देवळं पाडली, कत्तल झाली हे इतक्या लहान पोरांना कशाला? अजून भांडतील." त्यांची काळजी खोटी नव्हती. पण हे मुलांना आधीच माहीत होतं. मोबाइलवरच्या व्हिडिओत मिळालं होतं, ढोल-ताशाच्या आवाजात, आणि तेही अर्धंच. आपण गप्प बसलो तर तेवढंच राहतं. चौथीच्या मुलांना रक्तपाताचं वर्णन सांगायची गरज नाही, मी सांगितलंही नाही. पण घडलं ते घडलं म्हणायचं आणि लगेच "मग गावाचं काय झालं?" हा प्रश्न जोडायचा. एवढं पथ्य मी पाळते.

चौथी पायरी : घरचा अभ्यास

१. आजी-आजोबांना विचारा : आपलं कुटुंब कांजूरमार्गला कधी आलं? कुठून आलं? (आमच्या वर्गात बहुतेकांची उत्तरं सातारा, रत्नागिरी, जौनपूर अशी आली. 'आम्ही आधीपासून इथलेच' असं लिहिणारी मुलं चारच. त्यात ती मुलगी होती. मी त्यावर काही बोलले नाही. मुलांनी तक्ता स्वतःच वाचला.)

२. घरात शोधा : चावी, बादली, पगार, पाव, बटाटा, घमेलं, लिलाव, तुरुंग. हे सगळे शब्द पोर्तुगीजांकडून आपल्याकडे आले. ठाण्याचा तो किल्ला आज मध्यवर्ती कारागृह आहे, म्हणजे तुरुंगच!

३. लग्नातली एक रीत लिहून आणा. त्या मुलीनं आजीला विचारून 'उंबराचं पाणी' लिहून आणलं. लग्नाच्या आदल्या दिवशी वाजतगाजत विहिरीवर जाऊन पाणी आणायची त्यांची रीत आहे. ते ऐकून भांडणारा मुलगा म्हणाला, "आमचं देवकपण उंबराचं असतं." दोघांची लगेच गट्टी वगैरे जमली नाही. पण त्यानंतर वर्षभरात 'पोर्तुगीज' हा शब्द शिवीसारखा वापरलेला मी ऐकला नाही.

पालकांसाठी

रविवारी मुलांना घेऊन मंडपेश्वर, शीवचा किल्ला किंवा वसईचा किल्ला बघायला जा. तिथे "हा कोणी जिंकला?" एवढंच विचारून थांबू नका. "तेव्हा इथल्या गावात कोण राहत होतं आणि नंतर त्यांचं काय झालं?" हेही विचारा. उत्तर लगेच मिळालं नाही तरी चालेल. मुलं विचार करायला लागतात.

तुमची शाळा साष्टीत नसली तरी हा पाठ चालेल. जंजिरा, दौलताबाद, नळदुर्ग, आपल्या महाराष्ट्रात धनी बदललेली गावं कमी नाहीत. नकाशा तुमचा घ्या, वर्षं तुमची घ्या आणि पाच मुलं मधोमध बसवा. करून बघितलंत तर कसं झालं ते जरूर कळवा.