कॉलरीच्या रस्त्यावर जुनी टर्बो सेडान

वणीजवळच्या राजूर कॉलरीत चारचाकी घ्यायची म्हटली की सल्ले ठरलेले असतात. बोलेरो घे, नाहीतर स्विफ्ट घे. सल्ला चुकीचा नाही. वणीकडून येताना कोळशाचे हायवा ट्रक, गावात चुन्याच्या भट्ट्या, मे महिन्यात पंचेचाळिशी ओलांडणारा पारा आणि पावसाळ्यात काळ्या मातीवर उखडलेलं डांबर. हे सगळं डोळ्यांसमोर असूनही मी स्कोडा रॅपिड १.० टीएसआय घेतली. २०२० सालची, सहा गिअरची मॅन्युअल, दुसऱ्याने वापरलेली. गाडी शोधताना आणि सांभाळताना जे उमगलं ते इथे मांडतो आहे. सगळ्याचं सार एवढंच की कंपनीची पुस्तिका आपल्या रस्त्यासाठी लिहिलेली नाही. तिच्यातले बरेचसे आकडे इथे निम्मे करून वाचायचे.

१. आधी मिस्त्री, मग गाडी

वणीत गाड्या दुरुस्त करणारे चांगले हात आहेत. पण टर्बो पेट्रोलचं अर्धं निदान स्कॅनरवर होतं. इंजिनाने दाब किती मागितला, टर्बोने प्रत्यक्षात किती दिला, मिसफायर कोणत्या सिलिंडरला होतो आहे, हे कानाला कळत नाही. म्हणून गाडी बघायला जाण्याआधी मिस्त्री बघा. त्याला तीन प्रश्न विचारा: फोक्सवॅगन-स्कोडाला चालणारा स्कॅनर आहे का? हे इंजिन कधी उघडलं आहे का? सुटे भाग कुठून आणि किती दिवसांत मागवता? तिन्हींची सरळ उत्तरं मिळाली तर पुढे जा. नाहीतर प्रत्येक बारीक दिव्यासाठी नागपूरची वारी ठरलेली, आणि त्यात पेट्रोलपेक्षा सुट्ट्या जास्त खर्च होतात.

२. मॉडेल निवडताना सुट्या भागांचा विचार आधी

भारतातल्या टर्बो पेट्रोल सेडानांमध्ये आपल्याच राज्यात बनलेल्या बऱ्याच आहेत. फियाट लिनिया टी-जेट रांजणगावची, व्हेंटो आणि रॅपिड चाकणच्या, ऑक्टाव्हिया आणि सुपर्ब शेंद्र्याच्या. लिनियाचं १.४ लिटरचं इंजिन मजबूत, चेसिस त्याहून मजबूत. पण फियाटने इथल्या गाड्यांचा बाजार गुंडाळला आणि आता एखादा सेन्सर शोधायलाही ओळखी लागतात. छंद म्हणून ठेवणाऱ्याने जरूर घ्यावी. रोज वापरणाऱ्याने विचार करावा.

व्हेंटो १.२ टीएसआय स्वस्तात मिळते, पण तिला सात गिअरची ड्राय क्लच डीएसजी ऑटोमॅटिक आहे. कोळशाच्या ट्रकांच्या रांगेत इंच-इंच सरकताना हा क्लच तापतो. २०१३ साली फोक्सवॅगनने जगभरातल्या सुमारे १६ लाख गाड्यांच्या याच गिअरबॉक्समधलं सिंथेटिक तेल काढून खनिज तेल घालायला घेतलं होतं, कारण उष्ण-दमट हवेत विजेचा बिघाड होत होता. आपल्या हवेला ही सूचना पुरेशी आहे. २०२०ची व्हर्ना १.० टर्बो ताकदीने सरस, १२० पीएसची. पण तीही ड्युअल क्लच ऑटोमॅटिकमध्येच आली.

रॅपिडचं तीन सिलिंडरचं ९९९ सीसी इंजिन ११० पीएस आणि १७५ न्यूटन मीटर देतं. याच घराण्याचं १.० टीएसआय पुढे कुशाक, टायगुन, स्लाव्हिया आणि व्हर्टसमध्ये आलं. रॅपिड बंद झाली तरी इंजिनाची ओळख असलेले मिस्त्री आणि त्याचे भाग बाजारातून लवकर जाणार नाहीत. माझ्या निवडीचं खरं कारण हेच.

३. किमतीचा पाचवा हिस्सा हातात राखा

जुन्या टर्बो सेडानची किंमत नव्या हॅचबॅकएवढी दिसते, आणि तिथेच गणित फसतं. गाडी जुनी झाली तरी तिचे भाग सेडानच्याच भावाने येतात. खरेदीच्या किमतीचा निदान पाचवा हिस्सा वेगळा ठेवा. पहिल्याच वर्षी तेल, कूलंट, ब्रेक ऑइल, सगळे फिल्टर, स्पार्क प्लग, बॅटरी आणि बहुतेक वेळा चारही टायर यात तो जातो. तेवढे पैसे उरत नसतील तर एक पायरी खालची गाडी घ्या.

४. थंड इंजिनाशिवाय सौदा नाही

विकणाऱ्याला आदल्या दिवशीच सांगा की सकाळी आम्ही आल्याशिवाय गाडी चालू करायची नाही. बॉनेटला हात लावून पाहा. गरम लागलं तर दुसऱ्या दिवशी या. थंड इंजिन चालू होताना सायलेन्सरमधून निळसर धूर आला तर तेल जळतं आहे. तेलाच्या झाकणाच्या आत काळा चिकट थर असेल तर तेल वेळेवर बदललेलं नाही, आणि टर्बोच्या बाबतीत याला माफी नसते. हवेच्या पाइपांच्या जोडांवर किंचित तेलकटपणा चालतो. ओघळ चालत नाहीत. चालवताना दुसऱ्या-तिसऱ्या गिअरमध्ये पूर्ण जोर मागा. ओढ एकसारखी यायला हवी. मधेच खंड पडला, किंवा आरपीएम वाढून वेग वाढलाच नाही, तर अनुक्रमे इग्निशन आणि क्लच तपासून घ्या.

शौकिनांच्या हातातून आलेली गाडी असेल तर तिचा ईसीयू (इंजिनाचा संगणक) जास्त दाबासाठी रीमॅप केलेला असू शकतो. रुंद टायर, बदललेला एअर फिल्टर, मोठा सायलेन्सर ही त्याची बाहेरची चिन्हं. जास्त दाबावर राबलेल्या टर्बोचं आणि क्लचचं उरलेलं आयुष्य कोणी सांगू शकत नाही. अशी गाडी सोडून द्यावी.

आणि पाणी. २३ सप्टेंबर २०२३ला अंबाझरी तलाव ओसंडून नागपुरात पूर आला, तेव्हा कितीतरी गाड्या पाण्यात होत्या. नागपूरची गाडी घेताना सीटबेल्ट शेवटपर्यंत ओढून त्याच्या टोकाला गाळाची रेघ आहे का पाहा, सीटखालचे बोल्ट गंजलेत का पाहा, गालिच्याखाली बोट घालून वास घ्या.

५. कागद गाडीइतकेच तपासा

फॉर्म २९ म्हणजे विकणाऱ्याने आरटीओला दिलेली सूचना, फॉर्म ३० म्हणजे हस्तांतराचा अर्ज. कर्ज असेल तर फॉर्म ३५ आणि बँकेचं पत्र हातात घेतल्याशिवाय पूर्ण रक्कम देऊ नका. राज्यातल्या राज्यात विक्री झाली की विकणाऱ्याने १४ दिवसांत आणि घेणाऱ्याने ३० दिवसांत कळवायचं असतं. गाडीवर ई-चलान बाकी आहे का, ते सौद्याच्या दिवशीच मोबाइलवर बघून घ्या.

विम्याचा मुद्दा अनेकांच्या लक्षात येत नाही. गाडीबरोबर थर्ड पार्टी विमा घेणाऱ्याकडे येतो, पण स्वतःच्या गाडीच्या नुकसानीचं संरक्षण नावावर करून घ्यावं लागतं. त्यासाठीही १४ दिवसांत विमा कंपनीला कळवायचं. नो क्लेम बोनस विकणाऱ्याचा असतो, गाडीचा नाही. तो तुमच्या प्रीमियममध्ये धरून कोणी हिशेब दाखवला तर तो हिशेब खोटा आहे.

६. तेल म्हणजेच टर्बोचं आयुष्य

स्वित्झर्लंडच्या आल्फ्रेड ब्यूखी या अभियंत्याने १९०५ साली टर्बोच्या कल्पनेचं पेटंट घेतलं. सायलेन्सरवाटे वाया जाणाऱ्या धुराच्या जोराने एक चक्र फिरवायचं, आणि त्याच दांड्यावरच्या दुसऱ्या चक्राने इंजिनात जास्त हवा कोंबायची. छोट्या पेट्रोल टर्बोत हा दांडा मिनिटाला दोन लाख फेऱ्यांच्या घरात जातो. एका बाजूला ९०० अंशांहून तापलेला धूर, दुसऱ्या बाजूला बाहेरची हवा, आणि मधे दांड्याला पेलून धरणारा तेलाचा पातळ थर. तो थर जळका किंवा गाळयुक्त झाला की टर्बो संपला.

पुस्तिका १५,००० किलोमीटर किंवा एक वर्ष सांगते. मी ७,५०० किलोमीटर किंवा सहा महिने यावर चालतो, आणि तेल घेताना डब्यावरच्या जाहिरातीऐवजी पुस्तिकेतला मंजुरी क्रमांक जुळवतो. एका तेलबदलाचा खर्च टर्बोच्या किमतीपुढे काहीच नाही. हायवेवरून जोरात येऊन गाडी लगेच बंद करू नका. शेवटचे एक-दोन किलोमीटर सावकाश चालवा, मिनिटभर तशीच चालू ठेवा, मग चावी फिरवा. सकाळी उलट करा: चालू केल्यावर पहिले काही किलोमीटर जोर मागू नका.

७. कोळसा वर, चुना खाली

राजूरची धूळ दोन रंगांची आहे, आणि गाडीला दोन्ही बाधतात. टर्बो साध्या इंजिनापेक्षा जास्त हवा ओढतो, म्हणजे धूळही जास्त ओढतो. एअर फिल्टर मी दर महिन्याला उघडून पाहतो आणि पुस्तिकेने सांगितलेल्या निम्म्या अंतरावर बदलतो. टायरवाल्याच्या कॉम्प्रेसरने फिल्टर झाडून घेण्याची पद्धत इथे सर्रास आहे. त्या जोराच्या हवेने कागदाची छिद्रं मोठी होतात. भोक पडलेल्या गाळणीतून चहा गाळण्यासारखंच ते. आत गेलेली कणी आधी टर्बोच्या पात्यांवर आदळते, मग सिलिंडर घासते.

समोरचा कंडेन्सर आणि रेडिएटर वर्षातून दोनदा, एकदा मार्चमध्ये आणि एकदा पावसाळ्यानंतर, पाण्याच्या हलक्या धारेने आतून बाहेर धुऊन घ्या. कोळशाच्या भुकटीवर कापसाचे तंतू बसले की जाळी चटईसारखी दाट होते, एसी थंड करत नाही आणि इंजिनही तापतं.

८. रेडिएटरमध्ये नळाचं पाणी नको

ज्या जमिनीत चुनखडी आहे तिथलं पाणी जड असतं. राजूरमध्ये भांड्यांवर बसणारा पांढरा थर रेडिएटरच्या बारीक नळ्यांतही बसतो. पुस्तिकेत सांगितलेलाच कूलंट घाला, आणि तयार मिळत नसेल तर डिस्टिल्ड वॉटरमध्येच मिसळा. या इंजिनात पाण्याचा पंप आणि थर्मोस्टॅट प्लास्टिकच्या एकाच घरात बसवलेले आहेत. उन्हाळे खाऊन ते प्लास्टिक चिरतं आणि कूलंट थेंबथेंब कमी होतं. टाकीतली पातळी दर रविवारी बघा. दोनदा भरावं लागलं तर तिसऱ्यांदा भरू नका, गळती शोधा. मेमध्ये हायवेवर कूलंट संपणं म्हणजे सिलिंडर हेडवर संकट.

९. पेट्रोल आणि गिअर

२०२३च्या एप्रिलपासूनच्या नव्या गाड्यांत पेट्रोलमधल्या २० टक्के इथेनॉलला टिकणारे रबर आणि धातू आले. २०२०ची गाडी त्याआधीची आहे. इथेनॉलचा ऑक्टेन जास्त, त्यामुळे टर्बो इंजिनाला नॉकिंग कमी होतं हा फायदा. पण लिटरमागे ऊर्जा कमी, म्हणून अ‍ॅव्हरेज थोडं घटतं, आणि इथेनॉल पाणी ओढून घेतं. पावसाळ्यात अर्धीअधिक टाकी भरलेली ठेवा, गाडी आठवडेच्या आठवडे उभी ठेवू नका, इंधनाचे रबरी पाइप सर्व्हिसला तपासून घ्या. वर्दळीच्या पंपावर भरा, तिथलं पेट्रोल ताजं असतं.

हायवाच्या मागे चालताना सहाव्या गिअरमध्ये ॲक्सिलरेटर दाबून ओढायचा मोह होतो. कमी आरपीएमवर पूर्ण भार हा छोट्या टर्बो इंजिनाचा शत्रू. वेळेआधीच स्फोट होऊन पिस्टनला इजा होऊ शकते. दोन गिअर खाली घ्या, इंजिन २,००० आरपीएमच्या वर आणा आणि मगच ओव्हरटेक करा. सुरक्षितही तेच.

१०. उंदीर, खड्डे, टायर

कापूस वेचून झाला की शेतातले उंदीर घराकडे येतात आणि गरम इंजिनाशेजारी बसतात. वायर कुरतडलेली सेडान इथे नवल नाही. बॉनेटखालच्या वायरिंगला जाळीचं आवरण घाला आणि उभ्या गाडीजवळ धान्याची पोती ठेवू नका. टायर शोभेसाठी रुंद करू नका. मूळ मापाचेच ठेवा, रस्त्यावरच्या कोळशाच्या ढेकळांवर उंच कडांचे टायर तरतात. इंजिनाखाली मजबूत गार्ड बसवून घ्या.

११. कोणी घेऊ नये

ज्याचं रोजचं काम राजूर ते वणी एवढंच आहे, त्याने टर्बो पेट्रोल घेऊ नये. एवढ्या छोट्या फेरीत तेल पुरतं तापत नाही, त्यातली वाफ आणि पेट्रोल उडून जात नाही. शिवाय टीएसआयसारख्या, सिलिंडरमध्ये थेट पेट्रोल सोडणाऱ्या इंजिनाचे हवा आत घेणारे व्हॉल्व्ह पेट्रोलने धुतले जात नाहीत, त्यामुळे त्यांच्यावर काजळी साचत जाते. अशा वापराला साधी, टर्बो नसलेली गाडी स्वस्त आणि निरोगी राहते.

ज्याला महिन्यातून दोन-चारदा यवतमाळ, चंद्रपूर किंवा नागपूर गाठायचं असतं, आणि जो तेलाची तारीख वहीत लिहून ठेवतो, त्याने जरूर घ्यावी. वरोऱ्याच्या पुढे रस्ता मोकळा झाल्यावर तिसऱ्या गिअरमध्ये ही गाडी जी ओढ देते ती या किमतीत दुसरीकडे मिळत नाही. फक्त वही आधी आणा, गाडी नंतर.