गृहकर्जाचा खरा हिशेब

पश्चिम रेल्वेच्या मुंबई-डहाणू मार्गावरील पालघर आणि बोईसर या दोन स्थानकांच्या परिसराचे स्वरूप गेल्या अर्धशतकात पार पालटले आहे. १९६९ साली तारापूर येथे देशातील पहिले अणुवीज केंद्र कार्यान्वित झाले. त्यानंतर बोईसरलगत महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळाची तारापूर औद्योगिक वसाहत वाढत गेली. २०१३ साली उपनगरी गाड्या डहाणू रोडपर्यंत धावू लागल्या आणि १ ऑगस्ट २०१४ रोजी पालघर हा राज्याचा ३६ वा जिल्हा अस्तित्वात आला. भातखाचरे आणि वाड्या यांच्या जोडीला इमारती उभ्या राहिल्या. कारखान्यातील कामगार, शिक्षक, जिल्हा कार्यालयांतील कर्मचारी, मुंबईस रोज ये-जा करणारे नोकरदार अशा अनेकांनी येथे स्वतःचे घर घेतले. त्यांतील बहुतेकांच्या घरामागे गृहकर्ज आहे.

घर घेताना कुटुंबात चर्चा होते ती प्रामुख्याने दोन आकड्यांची. सदनिकेची किंमत किती आणि महिन्याचा हप्ता किती? या दोहोंच्या मध्ये असलेला तिसरा आकडा, म्हणजे कर्ज फिटेपर्यंत एकूण किती रक्कम द्यावी लागेल हा, बहुधा विचारला जात नाही. वस्तुतः घराची खरी किंमत हाच आकडा सांगतो. तो समजून घेणे अवघड नाही. माध्यमिक शाळेतील चक्रवाढ व्याजाचे गणित ज्याला येते, त्याला हा हिशेबही येऊ शकतो.

मुदतीचा प्रभाव

उदाहरणादाखल २५ लाख रुपयांची एक सदनिका घेऊ. खरेदीदाराने ५ लाख रुपये स्वतःचे घातले आणि २० लाख रुपये साडेआठ टक्के दराने कर्जाऊ घेतले. दर कायम राहिला असे गृहीत धरल्यास निरनिराळ्या मुदतींचा हिशेब पुढीलप्रमाणे होतो.

१० वर्षे : मासिक हप्ता २४,७९७ रुपये; एकूण व्याज ९ लाख ७६ हजार.
१५ वर्षे : मासिक हप्ता १९,६९५ रुपये, एकूण व्याज १५ लाख ४५ हजार.
२० वर्षे : मासिक हप्ता १७,३५६ रुपये, एकूण व्याज २१ लाख ६५ हजार.
३० वर्षे : मासिक हप्ता १५,३७८ रुपये, एकूण व्याज ३५ लाख ३६ हजार.

वीस वर्षांची मुदत घेणाऱ्यास २५ लाखांचे घर अखेरीस सुमारे ४६ लाख ६५ हजारांना पडते. मुदत वीसवरून तीस वर्षे केली, तर हप्ता दरमहा १,९७८ रुपयांनी हलका होतो. परंतु व्याजाचा भार १३ लाख ७१ हजारांनी वाढतो. याउलट दरमहा २,३३९ रुपये अधिक देऊन मुदत पंधरा वर्षांवर आणली, तर ६ लाख २० हजार रुपये वाचतात. व्याजदरात पाव टक्क्याची सवलत मिळावी म्हणून चार संस्थांचे उंबरठे झिजविणारा कर्जदार मुदतीचा रकाना मात्र कर्ज देणाऱ्याच्या सांगण्यावरून भरून टाकतो, हे योग्य नव्हे.

आपल्याकडे कर्जाच्या हिशेबासाठी 'दामदुपट' हे एक जुने परिमाण आहे. हिंदू विधीतील या नियमानुसार एका वेळी वसूल करावयाचे व्याज मुद्दलाहून अधिक असता कामा नये. मुंबई इलाख्यात न्यायालयांनीही तो मानला होता. आजच्या गृहकर्जात व्याज महिन्याच्या महिन्यास दिले जात असल्याने या नियमाचा भंग होत नाही. तरीही तुलनेसाठी तो उपयोगी पडतो. साडेआठ टक्के दराने मुदत १९ वर्षांची झाली की एकूण व्याज मुद्दलाला मागे टाकते.

आरंभीचे हप्ते कोठे जातात?

समान मासिक हप्त्याची रक्कम प्रत्येक महिन्यास सारखीच असते, पण तिची आतील विभागणी सारखी नसते. शिल्लक मुद्दलावर त्या महिन्याचे व्याज प्रथम वळते होते आणि उरलेली रक्कम मुद्दलात जमा होते. वरील वीस वर्षांच्या कर्जात पहिल्या हप्त्याच्या १७,३५६ रुपयांपैकी १४,१६७ रुपये व्याजाचे असतात. मुद्दल फिटते केवळ ३,१८९ रुपयांचे.

पाच वर्षांत कर्जदार १० लाख ४१ हजार रुपये भरतो. कर्ज निम्मे फिटले असेल अशी त्याची समजूत असते. प्रत्यक्षात शिल्लक असते १७ लाख ६२ हजार. दहा वर्षे झाली तरी १४ लाख रुपये देणे उरते. मुद्दल निम्म्यावर यावयास जवळजवळ चौदा वर्षे लागतात. पाच-सात वर्षांत घर विकून दुसरीकडे जाण्याचा ज्यांचा विचार असतो, त्यांनी ही गोष्ट विशेष ध्यानात घ्यावी. बदलीच्या नोकरीत असलेल्यांना तर ती आवर्जून सांगितली पाहिजे.

येथेच एक सावधगिरीची सूचना. काही ठिकाणी व्याज मूळ रकमेवर सरसकट आकारले जाते. सात टक्के सरसकट दराने दहा वर्षांसाठी घेतलेले कर्ज घटत्या शिलकीवरील सुमारे ११.७ टक्के दराच्या बरोबरीचे असते. दर कोणत्या पद्धतीचा, हे विचारल्यावाचून दोन कर्जांची तुलना करता येत नाही.

बदलता दर आणि लांबत जाणारी मुदत

गृहकर्जे बहुतांशी बदलत्या व्याजदराची असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची अशी नवी कर्जे रिझर्व्ह बँकेच्या रेपो दरासारख्या बाह्य दराशी जोडली गेली आहेत. मे २०२२ च्या आरंभी रेपो दर ४ टक्के होता. फेब्रुवारी २०२३ मध्ये तो साडेसहा टक्के झाला. म्हणजे अवघ्या दहा महिन्यांत अडीच टक्क्यांची वाढ झाली.

तिचा परिणाम पाहू. पावणेसात टक्के दराने वीस वर्षांसाठी घेतलेल्या २० लाखांच्या कर्जाचा हप्ता १५,२०७ रुपये येतो. एक वर्षानंतर शिल्लक १९ लाख ५१ हजार राहते. हिशेबाच्या सोयीसाठी त्या वेळी दर एकदम सव्वानऊ टक्के झाला असे मानू. आता महिन्याचे व्याजच १५,०३९ रुपये होते. मुद्दलात जेमतेम १६८ रुपये पडतात. हप्ता तोच ठेवला, तर हे कर्ज फिटावयास आणखी सुमारे ४९ वर्षे लागतील! प्रत्यक्षात कोणतीही संस्था इतकी मुदत देत नाही. वयाची किंवा मुदतीची मर्यादा आली की हप्ता वाढविला जातो. मात्र तोवर कर्जदाराला काही बदलल्याचे जाणवत नाही, कारण पगारातून कापली जाणारी रक्कम पूर्वीइतकीच असते. मुदत मूळच्याइतकीच, म्हणजे १९ वर्षे ठेवावयाची, तर हप्ता १८,१९९ रुपये करावा लागतो. ही सुमारे तीन हजारांची वाढ जड आहे खरी, परंतु ती डोळ्यांसमोर तरी असते.

या स्थितीची दखल घेऊन रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी निर्देश दिले. दर वाढल्यावर हप्ता वाढवावा, मुदत वाढवावी की दोन्ही थोडे थोडे करावे, याची निवड कर्जदारास दिली पाहिजे. किती मुद्दल व किती व्याज वसूल झाले आणि किती हप्ते उरले याचे विवरण दर तिमाहीस उपलब्ध करून दिले पाहिजे. मुदतवाढीमुळे शिल्लक कर्ज वाढत जाऊ नये, असे त्यांत नमूद आहे. हा हक्क मागितला तरच उपयोगी पडतो. २०२५ मध्ये दर पुन्हा उतरले. अशा वेळी हप्ता कमी करून न घेता पूर्वीचाच चालू ठेवल्यास मुदत आपोआप आटोक्यात येते.

तारापूरच्या कारखान्यातील ३८ वर्षांच्या कामगाराने वीस वर्षांचे कर्ज घेतले, तर ते त्याच्या ५८ व्या वर्षी फिटते. पाच वर्षांची मुदतवाढ झाली, की निवृत्तीनंतरही हप्ते चालू राहतात आणि भविष्यनिर्वाह निधीची रक्कम कर्जात जाते. कंत्राटी कामगारास तर पुढील वर्षाच्या उत्पन्नाचीही शाश्वती नसते. नव्वद दिवस हप्ता थकला की कर्ज अनुत्पादक ठरते. त्यानंतर २००२ च्या सरफेसी कायद्याखाली साठ दिवसांची नोटीस देऊन, दिवाणी दावा न लावताही, तारण घराचा ताबा घेण्याची कार्यवाही सुरू होऊ शकते.

हप्त्याबाहेरचे खर्च

मुद्रांक शुल्क, नोंदणी फी, प्रक्रिया शुल्क, वकिलाचा व मूल्यांकनाचा खर्च, सोसायटीची देखभाल वर्गणी, घरपट्टी हे खर्च निराळे. ३० लाखांपर्यंतच्या कर्जात संस्था घराच्या किमतीच्या कमाल ९० टक्के रक्कम देऊ शकते. परंतु १० लाखांपर्यंतच्या घरांचा अपवाद वगळता या किमतीत मुद्रांक शुल्क व नोंदणीचा खर्च धरला जात नाही. तो हातच्या रकमेतून करावा लागतो. त्यासाठी पतपेढीचे दुसरे कर्ज काढले, तर दोन हप्ते सुरू होतात.

कर्जाबरोबर विमा घेणे हितावहच आहे. तथापि त्याचा एकरकमी हप्ता कर्जात मिळविला जातो तेव्हा त्यावरही व्याज चढते. ६० हजार रुपयांचा विमा साडेआठ टक्के दराने वीस वर्षांत १ लाख २५ हजारांना पडतो.

बांधकाम सुरू असलेल्या इमारतीत सदनिका घेणाऱ्यांपुढे आणखी एक प्रश्न असतो. ताबा मिळेपर्यंत उचललेल्या रकमेवर केवळ व्याज भरावे लागते. १२ लाख रुपये उचलले असतील, तर हे व्याज दरमहा साडेआठ हजार रुपये होते. ताबा दोन वर्षे लांबला, तर २ लाख ४ हजार रुपये जातात, मुद्दल एका रुपयानेही कमी होत नाही आणि राहत्या घराचे भाडे चालूच राहते. म्हणून प्रकल्पाची महारेरा नोंदणी व त्यातील पूर्णत्वाची तारीख आधी पाहावी. पालघर जिल्ह्याचा मोठा भाग अनुसूचित क्षेत्रात मोडतो. आदिवासींची जमीन बिगर-आदिवासींकडे हस्तांतरित करण्यास महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम ३६-अ अन्वये पूर्वमंजुरी आवश्यक आहे. जमिनीचा हक्क सदोष निघाला तरी कर्जाचे देणे चुकत नाही. सात-बाराचा उतारा, अकृषिक परवानगी आणि बांधकाम परवानगी यांची खात्री करून घेण्याच्या कामी ग्रामपंचायत सदस्य व तलाठी यांचे साहाय्य मोलाचे ठरेल.

दुसरी बाजू

याचा अर्थ गृहकर्ज घेऊच नये, असा नव्हे. स्वतःच्या घरामुळे भाडे वाचते. पगार वाढतो तसा तोच हप्ता पुढे सोसवतो. रुपयाचे मोल घटत असल्याने विसाव्या वर्षीचा हप्ता पहिल्या वर्षीच्या हप्त्याइतका जड नसतो. आयकराची जुनी पद्धती स्वीकारणाऱ्यास राहत्या घराच्या व्याजावर वर्षास दोन लाखांपर्यंत वजावट मिळते. नव्या पद्धतीत राहत्या घरासाठी ती नाही. कर वाचतो म्हणून मोठे कर्ज घ्यावे, हा सल्ला म्हणूनच तपासून घेतला पाहिजे.

भार हलका करण्याचा सर्वांत सोपा मार्ग म्हणजे मुदतपूर्व परतफेड. पहिल्या उदाहरणातील कर्जदाराने दरवर्षी बोनसमधून एक हप्ता जादा भरला, तर वीस वर्षांचे कर्ज १६ वर्षे ९ महिन्यांत फिटते आणि चार लाखांहून अधिक रुपये वाचतात. बदलत्या दराच्या गृहकर्जावर अशा परतफेडीसाठी बँकांना व्यक्तींकडून दंड घेता येत नाही. ही तरतूद २०१२ पासून आहे. जादा रक्कम भरताना 'हप्ता नव्हे, मुदत कमी करावी' असे लेखी कळवावे. आरंभीच्या वर्षांत भरलेला रुपया अधिक व्याज वाचवितो.

कर्जदाराने काय पाहावे?

१ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या किरकोळ कर्जासोबत 'की फॅक्ट स्टेटमेंट' हे विवरणपत्र कर्जदारास समजेल अशा भाषेत देणे बंधनकारक आहे. त्यात व्याजासह सर्व शुल्के धरून काढलेला वार्षिक दर व परतफेडीचे वेळापत्रक असते. त्यात न दाखविलेले शुल्क कर्जदाराच्या स्पष्ट संमतीवाचून आकारता येत नाही. हे पत्र मराठीतून मागून घ्यावे आणि सही करण्यापूर्वी घरी नेऊन वाचावे. कर्ज पूर्ण फिटल्यावर मूळ हक्कलेख तीस दिवसांत परत मिळाले पाहिजेत. संस्थेच्या दोषामुळे विलंब झाल्यास दिवसाला पाच हजार रुपये भरपाई देण्याचा नियम १ डिसेंबर २०२३ पासून लागू आहे.

कर्जाचा हिशेब न कळण्याची किंमत या भूमीला नवी नाही. डहाणू-उंबरगाव भागात लग्नासाठी घेतलेल्या अल्प कर्जापोटी वर्षानुवर्षे राबणारे 'लग्नगडी' १९४५ च्या वारली उठावापर्यंत होते. मुद्दल किती फिटले, हे त्यांना कधी सांगितले गेले नाही. आजचे गृहकर्ज कायद्याच्या चौकटीतील आहे आणि त्याची त्या वेठीशी तुलना होऊ शकत नाही. परंतु आज हिशेब मागण्याचा अधिकार आहे, तो वापरला गेला पाहिजे.

या कामी शिक्षकांना पुष्कळ करता येईल. चक्रवाढ व्याजाचा धडा शिकविताना एखाद्या गृहकर्जाचे बारा महिन्यांचे कोष्टक विद्यार्थ्यांकडून फळ्यावर मांडून घ्यावे. ते कोष्टक मुले घरी नेतील आणि आईवडिलांना दाखवितील. ग्रामसभेतही वर्षातून एकदा हा विषय घेता येईल. कर्ज घेणाऱ्याने निदान तीन प्रश्न विचारावेत: एकूण किती रक्कम द्यावी लागेल, दर दोन टक्क्यांनी वाढला तर मुदत किती होईल आणि शेवटचा हप्ता माझ्या वयाच्या कितव्या वर्षी येईल? या तिन्हींची उत्तरे कागदावर मिळाल्यानंतरच करारावर सही करणे श्रेयस्कर ठरेल.